ताल-डब्याच्या नोंदी (जून ते सप्टेंबर २०२४)

९ जून २०२४, रविवार

भाची आली ती मोबाइल माझ्या कानाला लावूनच. "मामा, हे ऐक आणि सांग, हा ड्रम कसला आहे?"

ऐकलं. एक बोदा ठोका, त्यावर वाफेची शिट्टी उडावी तसा छोटासा फुस्स आवाज, पुन्हा ठोका. म्हटलं, हा ड्रम नाहीच, ही सर्किटं आहेत. कुणीतरी डाग (सोल्डर) देऊन घरी केलेली असणार, कारण दुकानातला ताल-डबा (ड्रम मशीन) इतका लाजत वाजत नाही.

बँड वेल्समधल्या कार्डिफचा. नाव यंग मार्बल जायंट्स. १९७८ ला सुरू, १९८० संपता संपता खलास, मोठी तबकडी एकच. भाचीला आणि तिच्या दोन मित्रांना यांची पाच गाणी बसवायची आहेत. ड्रमर मिळत नाही हे वरवरचं कारण. खरं कारण असं की, या बँडलाही ड्रमर नव्हता. ते ताल कॅसेटवर भरून आणायचे आणि मंचावर ती कॅसेट लावून वाजवायचे.

ठरलं ते असं. ३१ ऑगस्टला माझ्या मित्राच्या छापखान्याच्या पोटमाळ्यावर कार्यक्रम. लॅपटॉप नाही, मोबाइलमधला ड्रम नाही. डबा मी करायचा, कॅसेटही मीच भरायची. खर्चाची हद्द अडीच हजार रुपये. टेलिफोन खात्यात एकतीस वर्षं काढलेल्या माणसाला निवृत्तीनंतर कुणी डाग द्यायला बोलावलं, तर तो नाही म्हणत नाही.

११ जून, मंगळवार

काम सुरू करण्याआधी या मंडळींची चौकशी केली. लग्नाआधी स्थळाची करतात तशी.

चेहरे तीन. ॲलिसन स्टॅटन गायची. स्टुअर्ट मॉक्सहॅम गिटार आणि ऑर्गन वाजवायचा, बहुतेक गाणीही त्याचीच. त्याचा भाऊ फिलिप बेसवर. त्याआधी हे तिघं 'ट्रू व्हील' नावाच्या बँडमध्ये दुसऱ्यांची गाणी वाजवत होते. बँडचं पुढचं नाव आलं ग्रीक मूर्तींवरच्या एका पुस्तकातून. ताठ उभ्या असलेल्या, एक पाय किंचित पुढे टाकलेल्या त्या संगमरवरी तरुणांचं वर्णन तिथे होतं. तबकडीचं नाव 'कलॉसल यूथ', तेही त्याच खाणीतलं.

चौथा माणूस म्हणजे मॉक्सहॅम बंधूंच्या चुलत-मावस भावांपैकी कुणीतरी, पीटर जॉइस. इंग्रजीत 'कझिन' म्हटलं की नातं तिथेच संपतं, त्यामुळे चुलत की मावस याचा पत्ता लागत नाही. हा इलेक्ट्रॉनिक्सचा नादिष्ट, हाताने यंत्रं करणारा. सुरुवातीला बँडमध्येच होता. ताल त्याच्या यंत्रातून आला. आणि पोटापाण्याला काय करायचा? टेलिफोन इंजिनिअर.

इथे मी चहा बाजूला ठेवला.

तबकडीच्या मुखपृष्ठावर काळ्यापांढऱ्यात तीन चेहरे आहेत, अर्धे उजेडात, अर्धे अंधारात. जॉइस त्यात नाही.

१८ जून, मंगळवार

तपकीर गल्ली, पुण्यातला इलेक्ट्रॉनिक्सचा बाजार. दुपारी बारा वाजता. बीसी ५४७ ट्रान्झिस्टर पन्नास, ४०१७ दोन (मात्रा मोजणारी चिप), ५५५ दोन (ठोके देणारी चिप), ४१४८ डायोड मूठभर, मायलर कपॅसिटर, प्रीसेट (स्क्रूने फिरवायचे रोध), व्हेरोबोर्ड (डाग द्यायचा भोकांचा बोर्ड). दुकानदार म्हणाला, "काका, हे सगळं एका आयसीत येतं आता." माहीत आहे बाबा.

संध्याकाळी मोठा ठोका जमवायला बसलो. जुन्या ताल-डब्यांमधला बास ड्रम म्हणजे जवळजवळ वाजणारा ऑसिलेटर. ट्रान्झिस्टरच्या भोवती दोन 'टी' आकारांची रोध-धारित्र जाळी. एका टीत ५६ किलोओहमचे दोन रोध, दुसऱ्या टीत ०.०४७ मायक्रोफॅरडचे दोन कपॅसिटर. सूत्राने साठ हर्ट्झच्या आसपास येतं. उभ्या पायात प्रीसेट. तो जास्त फिरवला की घूं सुरू होतं ते थांबत नाही. केसभर मागे घेतला की गप्प. आता बाहेरून एक धक्का द्या: वाजतं, आणि विरत जातं. घंटेसारखंच, फक्त लोखंडाच्या जागी वीज.

तो केसभर मागे घेण्यातच सगळी रात्र गेली. पाऊण वाजता बायको म्हणाली, "धप्प धप्प काय चाललंय? शेजारी काय म्हणतील?" शेजारी काही म्हणाले नाहीत. साठ हर्ट्झ भिंतीतून जातो, पण तो कुठून येतो हे कुणाला कळत नाही.

२२ जून, शनिवार

फुस्स जमेना.

ट्रान्झिस्टरचा एमिटर-बेस जोड उलटा जोडायचा, कलेक्टर मोकळा सोडायचा. सात-नऊ व्होल्टच्या पुढे गेलं की तो फुटतो आणि खरखरतो. ही खरखर मोठी करायची आणि ठोक्याच्या वेळी क्षणभरच दार उघडून आत घ्यायची. झाला हाय-हॅट (ड्रमसेटमधली झांज), झाला स्नेअर (खरखरता छोटा ड्रम). एक्स्चेंजमध्ये आयुष्यभर खरखर घालवण्याचा पगार घेतला. आता ती पैदा करायची आहे आणि ती येत नाही.

शेवटी मीटर लावला. नऊ व्होल्टची बॅटरी सव्वाआठवर आली होती. जोड फुटतच नव्हता. बारा व्होल्टचा अडॅप्टर लावला आणि पावसाळ्यात पत्र्यावर सर पडावी तसा आवाज आला.

१ जुलै, सोमवार

पालख्या पुण्यात मुक्कामाला. रस्ते बंद, गल्ली गाठणं शक्य नाही. घरीच पन्नासातले ट्रान्झिस्टर एकेक करून खरखरीसाठी तपासले. सगळे एकाच पाकिटातले, पण प्रत्येकाचा आवाज वेगळा. काही नुसते सुसू करतात, काहींत मधूनच पॉपकॉर्न फुटतं. सदतिसावा उत्तम. त्याला लाल नेलपॉलिशचा ठिपका लावला.

खिडकीतून टाळ ऐकू येत होते. शेकडो टाळ एकाच वेळी वाजतात तेव्हा लांबून ऐकू येतो तो नुसता खळाळ, पण त्यातही लय असते. हाय-हॅटला आवाज हवा तो या जातीचा, मात्र एकाच टाळाचा, आणि तोही हाताने दाबलेला.

६ जुलै, शनिवार

आता ताल. ५५५ चा ठोका ४०१७ ला द्यायचा, तो एकेक पाय उचलत पुढे जातो. आठ मात्रा हव्यात म्हणून नववं आउटपुट, म्हणजे पाय नऊ, रीसेटला. कुठल्या मात्रेवर काय वाजवायचं ते डायोडने ठरवायचं. मिनिटाला १२० ठोक्यांची लय, आणि प्रत्येक ठोक्याचे दोन भाग, म्हणून ५५५ ला सेकंदाला चार स्पंद.

मोठा ठोका पहिल्या आणि पाचव्या मात्रेवर: बिनचूक. हाय-हॅट आठही मात्रांवर मागितला तर सुरुवातीला एकदा फुस्स झाला आणि मग शांतता. तासभर डागच तपासत बसलो. चूक डागात नव्हती, डोक्यात होती. ४०१७ चा एक पाय खाली येतो त्याच क्षणी पुढचा वर जातो. सगळे पाय डायोडने एकाच तारेला जोडले की ती तार कायम वरच राहते, मध्ये फट नाही. आणि फट नाही तर नवा धक्का नाही.

उपाय: प्रत्येक पायाच्या पुढे ०.०१ चा छोटा कपॅसिटर, मग डायोड. आता पाय वर उचलला जाण्याची तेवढी घटनाच पुढे जाते, तो वर असण्याची नाही. आठ फुस्स, मोजून.

भाचीला फोनवर ऐकवलं. म्हणाली, "मामा, हे फारच नीट आहे. थोडं वाईट कर ना."

१४ जुलै, रविवार

वाईट करण्याचं काम कॅसेटनेच केलं. टेपवर भरलं की ठोक्याची धार जाते. सुईला लाल रेषेच्या वर ढकललं की टेप भरून वाहते आणि आवाज गोलाकार होतो. डब्यातून थेट ऐकताना तो दारावर टकटक करतो. कॅसेटवरून ऐकताना शेजारच्या खोलीतलं कुणीतरी टकटक करतंय असं वाटतं. भाचीने पहिल्या दिवशी ऐकवलं होतं ते या दुसऱ्यासारखं होतं.

माळ्यावरून साठ मिनिटांच्या सहा कोऱ्या कॅसेट निघाल्या, वेष्टनासकट. एका गाण्याला एक कॅसेट. एकीवरच पाचही भरली असती तर क्रम बदलता आला नसता, आणि गाणं मध्येच पुन्हा घ्यायचं झालं तर मंचावर पेन्सिल घालून फिरवत बसावं लागलं असतं. पहिले काही सेकंद कोरी पट्टी असते, तिच्यावर काही उमटत नाही. ती बोटाने पुढे सरकवून ठेवली. सुरुवातीला चार कोरे फुस्स भरले, मुलांना उडी घ्यायला.

२० जुलै, शनिवार

पहिली तालीम, आमच्या दिवाणखान्यात.

गिटारवाला मुलगा चांगला आहे, पण हात मोकळा. स्टुअर्ट मॉक्सहॅमचा उजवा तळवा घोडीजवळ तारांवर टेकलेलाच असतो. तार छेडली की लगेच मरते. सूर कळतो तेवढ्यात संपलेला. चिपळ्यांनी गाणं धरावं तसा तो रिकनबॅकर गिटारने ताल धरतो. मग सूर कोण वाहून नेतो? फिलिपचा बेस. तो वरच्या पट्टीत फिरतो, गुणगुणतो, आणि ऐकणाऱ्याला वाटतं की हीच गाण्याची चाल. म्हणजे घरातली कामं उलटी वाटली आहेत.

तीन वेळा तीच चूक झाली. दोघंही कॅसेटची वाट पाहत वाजवतात. ठोका ऐकायचा, मग वाजवायचं, म्हणजे कायम अर्धा केस मागे. माणूस ड्रमर असला तर तोही थोडा थांबतो, डोळ्याने खुणावतो, सावरून घेतो. कॅसेट कुणाकडे बघत नाही. बेसवाला म्हणाला, "काका, ही फार उद्धट आहे." उद्धट नाही रे, ती बहिरी आहे. एक्स्चेंजच्या घड्याळासारखी. तिच्या मागे लागायचं नसतं, आपला काटा तिच्याशी जुळवून घ्यायचा आणि मग तिला विसरायचं.

विसरायला किती तालमी लागतील ते बघू.

मुलांनी विचारलं की यांना पोस्ट-पंक का म्हणतात, यांच्यात आरडाओरडा तर काहीच नाही. भाचीने चांगलं सांगितलं. १९७६-७७ च्या पंकने, म्हणजे त्या आरडाओरड्याच्या रॉकने, एवढं सिद्ध केलं की वाद्य येत नसलं तरी बँड काढता येतो आणि मोठ्या कंपनीने दार उघडलं नाही तरी तबकडी काढता येते. पुढच्यांनी यातली ओरड सोडली आणि मुभा ठेवली. त्या काळी कार्डिफमधल्या बँडनी तेच केलं. रेप्टाइल रँच नावाच्या बँडच्या मुलांनी झेड ब्लॉक हे लेबल काढलं आणि १९७९ मध्ये गावातल्या बँडची एकत्र तबकडी छापली. नाव 'इज द वॉर ओव्हर?', म्हणजे 'युद्ध संपलं का?' त्यात यंग मार्बल जायंट्सची दोन गाणी होती. ती लंडनला रफ ट्रेडच्या जेफ ट्रॅव्हिसने ऐकली. रफ ट्रेड म्हणजे १९७६ ला सुरू झालेलं रेकॉर्डचं दुकान, दोन वर्षांनी स्वतःच तबकड्या काढू लागलेलं. खर्च वजा जाता नफा बँडशी निम्मा-निम्मा ही त्यांची रीत.

गाव कसलं होतं तेही ध्यानात घ्यायला हवं. कार्डिफ हे एके काळी वेल्सचा कोळसा जगभर पाठवणारं बंदर. १९७८ मध्ये, म्हणजे बँड सुरू झाला त्याच वर्षी, तिथला ईस्ट मूर्सचा पोलाद कारखाना बंद पडला आणि हजारोंच्या नोकऱ्या गेल्या. गिरणगाव पाहिलेल्यांना याहून जास्त सांगायला नको. मात्र तिथल्या मुलांनी त्यावर घोषणांची गाणी केली नाहीत. निदान या तिघांनी तरी नाही. त्यांनी आवाज इतका खाली आणला की ऐकायला पुढे वाकावं लागतं.

२५ जुलै, गुरुवार

खडकवासल्यातून पाणी सोडलं, मुठा दुथडी. बेसवाल्याच्या सिंहगड रस्त्यावरच्या इमारतीच्या पार्किंगमध्ये पाणी. बेस वरच्या मजल्यावर, सुखरूप. गाडी नाही. आज काम नाही.

२८ जुलै, रविवार

भाचीचा दिवस. ती गांधर्वच्या परीक्षा दिलेली मुलगी, मध्यमापर्यंत. इथे तेच आडवं आलं.

ॲलिसन स्टॅटनच्या गाण्यात कंप नाही, मींड नाही, शेवटचा स्वर लांबवणं नाही. वाण्याच्या दुकानात यादी वाचून दाखवावी तशी ती गाते, आणि तरी काळजात काहीतरी हलतं. भाची प्रत्येक ओळ संपली की नकळत छोटीशी मुरकी घेते. अंगात मुरलेलंच ते. मी टोकलं की चिडते. "मामा, ही गाणं सोडून देते रे. मला सोडता येत नाही."

शेवटी युक्ती केली. तिला म्हटलं, टेलिफोन ऑपरेटर हो. 'कृपया प्रतीक्षा करा.' दिवसातून आठशे वेळा म्हणणाऱ्या बाईच्या आवाजात राग नसतो, लाड नसतात, पण तिलाही घर असतं आणि ते आवाजात असतंच. तिने गायलं. दोन ओळी अगदी बरोबर आल्या, तिसऱ्या ओळीला तिला हसू आलं.

यांनी ती तबकडी किती दिवसांत केली हे तिला सांगितलं. मध्य वेल्समधल्या फोएल स्टुडिओत, पाच दिवसांत, पंधरा गाणी. ध्वनिमुद्रणाला डेव्ह अँडरसन, जो त्याआधी हॉकविंडसारख्या भल्यामोठ्या आवाजाच्या बँडमध्ये बेस वाजवून आला होता. बाहेर आली १९८० च्या फेब्रुवारीत. "पाच दिवस?" भाची म्हणाली. "आपल्याला एका डब्याला दोन महिने लागले." डबा तयार होता गं त्यांचा.

४ ऑगस्ट, रविवार

नदीपात्रात ढोलताशा पथकांचा सराव सुरू झाला आहे. संध्याकाळी सहा ते नऊ आमच्या खिडकीच्या काचा मोठ्या ठोक्याच्या मात्रेवर थरथरतात, पण लय माझी नाही, त्यांची. चौथी कॅसेट भरताना मायक्रोफोन कुठेच नव्हता, तारेने थेट डेकमध्ये, तरी मला ढोल ऐकू येत होते. तपासलं. कॅसेटवर काही नाही. माझ्याच कानात बसले होते.

या शहरात ड्रमर मिळत नाही म्हणायला जीभ रेटत नाही. पन्नास ढोल एकदम वाजले की अंगावर काटा येतो, मलाही येतो. पण मग आत कुणी काही बोलू शकत नाही.

११ ऑगस्ट, रविवार

आज खरी भानगड.

'फायनल डे' हे त्यांचं १९८० मधलंच वेगळं आलेलं गाणं. पावणेदोन मिनिटांच्या आत संपतं. विषय अणुयुद्धाचा शेवटचा दिवस. त्या मे महिन्यात ब्रिटिश सरकारने 'प्रोटेक्ट अँड सर्व्हाइव्ह' नावाची पुस्तिका लोकांसाठी विक्रीला काढली होती: बॉम्ब पडला तर दार काढून भिंतीला टेकवा, आडोसा करा, पाणी साठवा वगैरे. गाण्यात आरोळी नाही. बाई शांतपणे सांगते, आणि सगळ्या गाण्यात वरच्या पट्टीत एक बारीक सूर किंचाळत राहतो. दूरदर्शनवर कार्यक्रमाआधी रंगीत पट्ट्यांसोबत जो 'पीं' लागायचा, तसा.

मी शहाणपणा केला. तो सूर ऑसिलेटरवर काढून तालासोबत त्याच कॅसेटवर भरला. पोटमाळ्यावर वापरायचा छोटा प्लेअर आज आणला, कॅसेट लावली, गिटारवाला वाजवायला लागला आणि भाचीने कानांवर हात ठेवले. सूर गिटारच्या खाली. सूर आणि बेसूर यांच्या मधल्या त्या ठिकाणी, जिथे दात शिवशिवतात.

माझ्या डेकवर एक हजार हर्ट्झ भरून या प्लेअरवर मोजलं: ९७२. म्हणजे २.८ टक्के मंद. पट्टा सैल झालेला. पूर्ण अर्धस्वर म्हणजे जवळपास सहा टक्के, त्यामुळे हा अर्ध्या अर्धस्वराला जरा कमी. तालाला याने काही बिघडत नाही, १२० चे ११६-११७ झाले तर मुलांना कळतसुद्धा नाही. पण एक सूर धरला की मंदपणा उघडा पडतो.

मोटरच्या पाठीत छोटं भोक असतं, त्यातून बारीक स्क्रू फिरवून वेग बदलता येतो. फिरवला, हजारावर आणला. दहा मिनिटांनी मोटर तापली आणि १००९. सोडून दिलं.

१७ ऑगस्ट, शनिवार

सुराचा प्रश्न सुटला, आणि तोही काडीने.

लहानपणी आमच्या आळीतल्या भजनात पेटीवाले बुवा षड्जाच्या पट्टीत काडी खोचायचे. एक हात भात्याला, दुसरा चालीला, आणि षड्ज आपला आपण चालू. भाचीच्या जुन्या कीबोर्डवर वरचा सूर लावला आणि दोन पट्ट्यांच्या मध्ये आइस्क्रीमची काडी तिरकी खोचली. पट्टी दबली ती दबली. गिटारशी सूर जुळला. गाणं संपलं की भाचीने काडी उपसायची. ती उपसल्यावर जी शांतता पडते ती कॅसेटने कधीच आली नसती, कारण कॅसेट संपतानाही सरसरत संपते.

कॅसेटवरचा माझा ऑसिलेटर पुसला. नुसता ताल ठेवला.

बीबीसी रेडिओचा निवेदक जॉन पील याने हे गाणं वाजवलं, आणि याच ऑगस्ट महिन्यात, १९८० ला, त्याच्या कार्यक्रमासाठी बँडने ध्वनिमुद्रणही केलं. वर्षभराने, २७ ऑगस्ट १९८१ ला, त्यांच्याच कार्डिफहून छत्तीसेक बायका पायी निघाल्या, इंग्लंडमधल्या ग्रीनहॅम कॉमनच्या हवाई तळावर अमेरिकी क्षेपणास्त्रं आणू नयेत म्हणून. पोचायला दहा दिवस लागले, आणि तिथे जो तळ ठोकला तो पुढे एकोणीस वर्षं. त्या निघाल्या तेव्हा बँड मोडून गेलेला होता.

भाची म्हणाली, "का मोडला?" माझ्यापुरतं उत्तर: तीन माणसं, त्यात दोन सख्खे भाऊ, आणि गाणी बहुतेक एकाचीच. त्यात एकाएकी नाव झालं, अमेरिकेचा दौरा झाला. शांत माणसांच्या घरात भांडण होतं तेव्हा ते ऐकूच येत नाही, एके दिवशी सामान बांधलेलं दिसतं.

२४ ऑगस्ट, शनिवार

शेवटची तालीम. पाचापैकी चार गाणी पाठ. गिटारचा तळवा आता आपणहून तारांवर जातो. बेसवाला कॅसेटला उद्धट म्हणायचा थांबला.

मध्येच वाद. गिटारवाल्याचं म्हणणं, चौथं गाणं फार रिकामं वाटतं, थोडा रिव्हर्ब, म्हणजे घुमारा, टाकू, मागे एखादा कीबोर्ड भरू. भाची नाही म्हणाली. मी मध्ये पडलो नाही, पण त्याला कर्ट कोबेनची गोष्ट सांगितली. गिटारवाल्याच्या खोलीत कोबेनच्या 'निर्वाणा' या बँडचं पोस्टर आहे म्हणून. कोबेनने आपल्या आवडत्या पन्नास तबकड्यांची यादी वहीत लिहिली होती, त्यात 'कलॉसल यूथ' आहे. त्याची बायको कोर्टनी लव्ह हिच्या होल या बँडने १९९४ मध्ये यातलं एक गाणं स्वतःच्या तबकडीवर घेतलं, आणि ते मात्र सगळं भरून, कर्कश करून वाजवलं. दोन्ही ऐकून ये म्हटलं.

रात्री साडेअकराला त्याचा संदेश: "काका, रिव्हर्ब नको."

३१ ऑगस्ट, शनिवार

पोटमाळा. शाईचा वास, खाली कटिंग मशीनवर ताडपत्री. खुर्च्या बावीस, माणसं तीसेक. पाऊस बारीक, त्यामुळे पत्र्यावर सदतिसाव्या ट्रान्झिस्टरचा जुळा भाऊ वाजत होता.

पहिलं गाणं: चार फुस्स, आणि तिघंही एकदम आत. माझा श्वास सुटला.

दुसरं बरं.

तिसऱ्यात बेसवाला चुकला. एक आवर्तन आधीच पुढच्या भागात शिरला, गडबडला आणि थांबला. कॅसेट थांबली नाही, कशी थांबेल. तो मान खाली घालून ऐकत राहिला. चार आवर्तनं नुसता डबा, गिटारची टिकटिक आणि भाचीचा आवाज, जो त्या चार आवर्तनांत एकदाही वळला नाही. मग तो बरोबर समेवर आत आला. नंतर दोघांनी येऊन त्याला सांगितलं की तो मधला रिकामा तुकडा फार विचारपूर्वक केलाय. त्याने मान डोलवली. लबाड.

'फायनल डे' शेवटी ठेवलं होतं. संपलं, भाचीने काडी उपसली. कुणी टाळी वाजवेना. प्लेअरमध्ये कॅसेट चालूच होती, पुढे कोरी पट्टी, तिची सरसर आणि पत्र्यावरचा पाऊस. स्टॉपच्या बटणावर माझं बोट होतं. मी दाबलं नाही. किती वेळ गेला ते मोजलं नाही, एरवी मी मोजतो. मागे कुणाची तरी खुर्ची करकरली आणि मग टाळ्या.

नंतर छापखानेवाल्या मित्राने फोटो काढला. तिघं भिंतीला टेकून, एका बाजूने पिवळा दिवा. भाची ओरडली, "मामा, तू ये ना!" मी तारा गुंडाळत होतो. या फोटोत तीनच पाहिजेत, असं मी मोठ्याने म्हटलं नाही.

३ सप्टेंबर, मंगळवार

हिशेब: २,१८० रुपये, त्यात रिक्षा धरलेली नाही.

भाचीने विचारलं की त्या लोकांचं पुढे काय झालं. स्टुअर्टने द जिस्ट नावाने गाणी केली. ॲलिसन वीकेंड नावाच्या बँडमध्ये गायली, त्यात रेप्टाइल रँचचा एक जणही होता. पुढे ती कायरोप्रॅक्टर झाली, लोकांच्या पाठी नीट करू लागली. बँड मोडल्यावर १९८१ मध्ये 'टेस्टकार्ड' नावाची नुसत्या वाद्यांची छोटी तबकडी आली. २००७ पासून ते मधूनमधून एकत्र वाजवत होते, शेवटचं २०१५ मध्ये लंडनच्या रॉयल फेस्टिव्हल हॉलमध्ये. पीटर जॉइसबद्दलही तिने विचारलं. म्हटलं, डबा ऐक.

शनिवारी गणपती. ढोल आता दुपारपासून. मुलांनी दिवाळीनंतर पुन्हा बसायचं म्हटलंय, पण गिटारवाल्याला बंगळुरूची नोकरी लागल्याचं त्याने काल मला एकट्याला सांगितलं.

बाकी कामं: प्लेअरचा पट्टा बदलणे (नवा तपकीर गल्लीत नसेल, भंगारातला बघणे). ५५५ च्या प्रीसेटवर मेणाचा थेंब, हलू नये म्हणून. पाचही कॅसेटच्या मागचे प्लास्टिकचे दात तोडले, आता कुणाला चुकून पुसता येणार नाहीत. सहावी कोरी आहे, तिचे शाबूत ठेवले.